लोणच्याच्या पिंपावरचा अर्धा दगड

माझ्या नवऱ्याला एकतीस देशांतली माणसं सेन्सेई, म्हणजे गुरुजी, म्हणतात. हा आकडा त्याचाच. कामाच्या खोलीत भिंतीवर जगाचा नकाशा आहे आणि नव्या देशाचा पाहुणा सुरीला धार लावायला शिकून गेला की तो त्या देशात एक लाल टाचणी टोचतो. आइसलँडमध्ये टाचणी आहे, पेरूमध्ये आहे. किशिवादामध्ये नाही. किशिवादा इथून, साकाईहून, गाडीनं वीस मिनिटांवर, आणि माझं माहेर तिथलं.

मार्चपासून वर्ग बंद आहे. विचारणाऱ्यांना वर्गाची व्यवस्था बघणारी तोमोए कळवते की सेन्सेईंची तब्येत बरी नसते. तब्येत चांगली ठणठणीत आहे. दोन वाडगे भात जेवतो आणि तीनच्या ठोक्याला आंघोळीला जातो. वर्ग का बंद पडला ते आम्हा चौघांनाच माहीत आहे, आणि चौघंही गप्प आहेत. याची सुरुवात माझ्यापासून झाली, तेव्हा सांगायचं तर मीच सांगायला हवं.

तोंडावर मी त्याला अहो म्हणते आणि मनात तो. हे मनातलं आहे, म्हणून तो.

त्याचं नाव मोरीवाकी सुएओ. सात भावंडांत शेवटचा. सुए म्हणजे शेवट; आता पुरे, असं आईबापांनी नावातच देवाला सांगून ठेवलं. मोठ्या सहा जणांनी दगडपाण्याचं काम नको म्हणून गाव सोडलं, कोणी बँकेत गेला, कोणी जहाजाच्या कारखान्यात. उरला तो हा. साकाईत सुरी एका घरात होत नाही. लोहार पातं ठोकून देतो, ते काळंकुळं पातं धार लावणाऱ्याकडे येतं, आणि तिसरा कोणीतरी मूठ बसवतो. वर नाव कोरतात ते व्यापाऱ्याचं. ओसाकातल्या मोठमोठ्या हॉटेलांत ज्या सुरीनं मासा कापला जातो तिला सुएओची धार आहे हे त्या हॉटेलात कोणाला ठाऊक नसतं. त्याला त्याचं वाईट वाटलेलं मी कधी पाहिलं नाही. तो म्हणायचा, "मासा ओळखतो, पुरे झालं."

बोलणं त्याचं एवढंच. पण एक 'हं' होतं.

धार पूर्ण होत आली की पात्याच्या पाठीला पोलादाची बारीक लव उठते. डोळ्यांना दिसत नाही. अंगठा धारेकडून बाहेर हलकेच ओढला तर लागते. ती लव शेवटच्या दगडावर, अगदी मऊ दगडावर, दहा हात फिरवून काढायची. कमी काढली तर धार फाटकी, जास्त घासलं तर पुन्हा पहिल्यापासून. मग परत अंगठा. आणि सगळं जमून आलेलं असलं की सुएओच्या नाकातून एक 'हं' यायचं. सासऱ्यांच्या पात्याला आलेलं मी ऐकलंय, शेजारच्या गल्लीतल्या ताकेनोच्या पात्याला ऐकलंय, आणि एकदा एका पोर्तुगीज न्हाव्याच्या सुरीलासुद्धा आलेलं ऐकलंय. दोन तासांत शिकलेला न्हावी! मी पन्नास वर्षं त्या भिंतीच्या अलीकडे भांडी घासली. मला ते 'हं' हवं होतं. आयुष्यात एकदा, माझ्या हातच्या धारेला. हसायचं त्यानं हसावं, पण मला दुसरं काही नको होतं.

मिळणार कसं? मला दगडाला हात लावायची बंदी होती.

ती बंदी मी ओढवून घेतली. लग्नानंतरचा पहिला जानेवारी. सासूबाई म्हणाल्या, कामाची खोली स्वच्छ कर, नवं वर्ष आलंय. टॉवेलच्या गिरणीतली मुलगी मी, स्वच्छ म्हणजे धुऊन वाळत घालणं एवढं मला कळत होतं. मी सगळे दगड घासूनपुसून धुतले आणि बाहेर पागोळ्यांखाली ओळीनं वाळत मांडले. त्या रात्री गोठलं. साकाईत असं दहा वर्षांत एकदा होतं, ते नेमकं त्या रात्री झालं. डोंगरातला दगड पाणी पितो, पोटात गेलेलं पाणी गोठून फुगतं. सकाळी सासऱ्यांचा तो शेवटच्या हातांचा मऊ दगड दोन तुकडे होऊन पडला होता. त्यांच्या वडिलांचा दगड तो, क्योतोपलीकडच्या खाणीतला, आणि ती खाण कधीच बुजली. इथलं शेंबडं पोरसुद्धा ओला दगड थंडीत बाहेर ठेवत नाही. मी ठेवला.

कोणी ओरडलं नाही. ओरडले असते तर बरं झालं असतं. सासरे तीन दिवस हात मांडीवर ठेवून बसून राहिले. सुएओ मला एवढंच म्हणाला, "यापुढं दगडांना हात लावायचा नाही."

एका तुकड्याचा चुरा झाला होता. दुसरा धड होता, पण अर्धा. सासूबाईंनी तो मुळ्याच्या लोणच्याच्या पिंपावर दडपण म्हणून ठेवला. "टाकू नकोस," म्हणाल्या. "रोज उचलशील, रोज आठवेल." गोड बोलून मारण्यात त्यांचा हात कोणी धरला नसता.

त्या गेल्या त्या वर्षी मी पहिल्यांदा तो दगड उलटा केला.

गल्लीतलं सार्वजनिक न्हाणीघर तीनला उघडतं. सुएओ पावणेतीनला टॉवेल खांद्यावर टाकून निघतो आणि साडेचारला लालबुंद होऊन परत येतो. तो दीड तास माझा होता. पिंपावरचा दगड काढायचा, वास जाईपर्यंत धुवायचा, स्वयंपाकघरातली सुरी घ्यायची. शिकवलं कोणी नाही. पण भिंतीपलीकडे रोज आठ तास तो आवाज चालायचा. पहिल्या भरड दगडावर खरखर, मधल्यावर सरसर, आणि शेवटच्यावर जवळजवळ काहीच नाही, नुसता रेशमाला हात लावल्यासारखा. मी आवाज जुळवत गेले. पहिली पाच वर्षं जुळला नाही. मग एक दिवस जुळला, आणि मी स्वयंपाकघरात एकटीच मोठ्यानं 'हं' म्हटलं. स्वतःचं स्वतःला म्हणून काय होतं? स्वतःच्या पाठीवर स्वतः शाबासकी देता येत नाही, हात पोचत नाही.

पुढं गल्लीतल्या बायका गुपचूप सुऱ्या आणून द्यायला लागल्या. "फुसाए, तुमच्याकडे कशी गं एवढी धार?" मी म्हणायची, "घरातच सेन्सेई आहे ना." आणि घरातला सेन्सेई दरवर्षी नव्या वर्षाच्या आदल्या दिवशी माझी सुरी मोठ्या मानानं धार लावून द्यायचा आणि म्हणायचा, "बघ, वर्षभर टिकते माझी धार." दिव्याखाली अंधार म्हणतात तो असा.

सुएओची बोटं सत्तरीनंतर जायला लागली. पन्नास वर्षं फिरत्या चाकावर पातं दाबून धरायचं आणि हिवाळाभर गार पाण्यात हात, मग दुसरं काय होणार? आधी थंडीत बोटांची टोकं पांढरी पडायची, मेणासारखी. तासाभरानं रंग यायचा. मग उन्हाळ्यातही पडू लागली. एकदा कपातला चहा उकळता होता आणि त्यानं तो कप दोन्ही हातांत धरून ठेवला, तेव्हा मी समजले. तो बोलला नाही, मी विचारलं नाही.

दोन वर्षांपूर्वी तो आंघोळीला गेलेला असताना व्यापाऱ्याचा माणूस आला. हातात आमचीच पेटी. बारा सुऱ्या. उंबऱ्यावर उभा राहून बिचारा जमिनीशी बोलत होता.

"वहिनी, हे... लव राहिलीय. बाराही सुऱ्यांत. आमच्या मालकांना वाटतं सेन्सेईंनी थोडी विश्रांती घ्यावी."

"त्यांना सांगितलंत?"

"मी? माझी काय बिशाद!"

"मग सांगू नका. गुरुवारी या."

तीन दुपारी मी बाराही सुऱ्या केल्या. गुरुवारी त्या माणसानं एकीवर अंगठा ओढला, माझ्याकडे पाहिलं, पिंपाकडे पाहिलं आणि खाली वाकून निघून गेला. पण माल हळूहळू येईनासा झाला. सुएओला सांगितलं की मंदी आहे. त्यानंही मान डोलावली. मंदीवर कोणाचाही चटकन विश्वास बसतो.

त्यानंतर तोमोए आली. कारागीर भवनातली, चाळिशीची, तोंडाचा पट्टा अखंड चालू. परदेशी पाहुण्यांना प्रवासात काहीतरी हातानं करून बघायचं असतं, म्हणाली, माती मळायची, कागद करायचा, सुरीला धार लावायची. दोन तासांचा वर्ग, आठवड्यातून दोनदा, शेवटी नाव घातलेलं प्रमाणपत्र. मला वाटलं सुएओ तिला बाहेर काढेल. तर हा गडी म्हणाला, "बाकं किती लागतील?" महिनाभर आमच्या घरात दगडाचा आवाज नव्हता. माणूस आवाजासाठी काहीही करतो.

आणि खोटं कशाला बोलू, वर्ग छान चालायचा. ज्या माणसानं मला पन्नास वर्षांत पन्नास वाक्यं ऐकवली नाहीत, तो पाहुण्यांपुढं फुलून यायचा. "दाबू नका, ती तुमची सासू नाही." तोमोए भाषांतर करायची, सगळे हसायचे. "कोन बदलू नका. बायको बदलली तरी चालेल, कोन नाही." कोणाच्या मागे उभं राहून दोन्ही हात धरून पातं फिरवून दाखवायचा. पन्नास वर्षं मला 'हात लावू नकोस', आणि ओस्लोच्या पोरीचे हात धरून 'असं, असं, वा!' मी चहाचा ट्रे घेऊन दारात उभी असायची आणि माझ्या मनात काय यायचं ते लिहायला नको.

आता पाहुण्यांची धार दोन तासांत कुठून येणार? म्हणून एक पद्धत होती. धार लावून झाली की पाहुणे बाहेरच्या खोलीत बार्लीचा चहा प्यायला बसायचे. तेवढ्यात सुएओ त्यांच्या सुऱ्या मागल्या खोलीत न्यायचा आणि प्रत्येकीला शेवटच्या दगडावर आपले दहा हात द्यायचा. मग सुऱ्या माझ्याकडे, धुवायला, पुसायला, तेलाचं बोट फिरवायला. मग ट्रेमध्ये मांडून पाहुण्यांपुढं. ते वर्तमानपत्राचा कागद धरायचे, सुरी टेकवायचे, आणि कागद आवाज न करता दोन व्हायचा. काय आनंद व्हायचा त्यांना! एक धिप्पाड कॅनेडियन तर रडला होता. सुएओ गंभीरपणे म्हणायचा, "तुमचेच हात आहेत." यात फसवणूक नाही, असं तो म्हणे. माणूस घरी जाताना त्याचा हात रिकामा जाऊ नये.

पण सुएओचे दहा हात आता दहा राहिले नव्हते. अंगठ्याला कळतच नव्हतं, मग तो थांबणार कुठे? पहिल्या वर्गाच्या दिवशी मी एक सुरी पुसताना सहज बोट ओढलं. लव तशीच. दुसरी, तशीच. बाहेर आठ जण कागद घेऊन बसलेले. मी पिंपावरचा दगड उचलला.

त्या दिवसापासून पाहुण्यांच्या मागे सुएओ आणि सुएओच्या मागे मी. झाकली मूठ सव्वा लाखाची. मी ती दोन वर्षं झाकून धरली. तो रोज संध्याकाळी जेवताना म्हणायचा, "आज सगळ्यांचे कागद एका झटक्यात कापले गेले. हात अजून आहे माझा." मी त्याच्या वाडग्यात मुळ्याचं लोणचं वाढायची.

किती वेळा वाटलं, सांगून टाकावं. पण काय सांगणार? तुमचा हात गेला, हे? की माझा आला, हे? पहिलं सांगितल्याशिवाय दुसरं सांगता येत नव्हतं.

फेब्रुवारीत माझी थोरली बहीण वारली. मार्चमध्ये एका मंगळवारी तिच्या एकोणपन्नासाव्या दिवसाचा विधी होता. मी तोमोएला महिनाभर आधी बजावलं होतं, त्या मंगळवारी वर्ग नको. ती म्हणाली, बरं. मग तैवानमधल्या तैनानहून लिनसान येतेय असं कळलं. लिनसान तिथं सूपचं दुकान चालवते. दोनदा शिकून गेलेली, नव्या वर्षाला न चुकता कार्ड पाठवणारी, या वेळी पाच मैत्रिणी घेऊन. त्यांना तेवढा मंगळवारच मोकळा. तोमोएनं मला विचारलं नाही, सुएओला विचारलं. सुएओ म्हणाला, "फुसाए नाही तर काय झालं? चहा तू कर. सुऱ्या पुसायला काय अक्कल लागते?"

सकाळी मी काळे कपडे घालून निघाले तेव्हा यातलं एक अक्षर तो बोलला नाही. "सावकाश ये," म्हणाला.

चार वाजता मी परत आले. हातात विधीतल्या गोड पदार्थांचा डबा. ट्रामच्या थांब्यावर तोमोए उभी. तिचं नाक लाल झालेलं.

"वहिनी, माझं चुकलं. मला शिव्या द्या."

"काय झालं ते आधी सांग. पडले का?"

"पडले असते तर परवडलं असतं." तिनं माझा डबा घेतला आणि चालता चालता सांगायला लागली. "नेहमीसारखंच झालं सगळं. सेन्सेई काय रंगात होते! सासूचा विनोद केला, सगळ्या हसल्या. मग सुऱ्या आत नेल्या, आणून दिल्या. मी धुतल्या, पुसल्या, तेल लावलं. काहीही विसरले नाही हो. लिनसाननं कागद धरला. फाटला."

"मग?"

"मग दुसरीचा. फाटला. सहाही जणींचे फाटले. सेन्सेई म्हणाले, कागद दमट आहे. मी नवा आणला. त्यांनी स्वतः धरला. तोही फाटला. सगळ्या गप्प. आणि मग लिनसान..." तोमोए रस्त्यातच थांबली. "लिनसानच्या मनात काही नव्हतं वहिनी. उलट त्यांना वाचवायलाच बोलली ती. म्हणाली, 'आज काकू घरी नाहीत ना, म्हणून असेल. मागच्या वेळी मी हात धुवायला आत गेले होते तेव्हा पाहिलं, शेवटचं काम काकू करतात त्या अर्ध्या दगडावर. केवढा सुंदर हात आहे त्यांचा! तुमच्या घराण्याची पद्धतच आहे ना ती, सेन्सेई?'"

मी कोणाचं तरी कुंपण धरलं.

"ते काय म्हणाले?"

"म्हणाले, 'हो. आमची पद्धत आहे.' मग खाली वाकून सगळ्यांची माफी मागितली, कपाळ जमिनीला टेकेपर्यंत. लिनसानला वाटलं आपलंच काहीतरी चुकलं, ती रडायला लागली. त्या गेल्यावर सेन्सेई स्वयंपाकघरात गेले. तिथून मला म्हणाले, 'तू घरी जा.' मी गेले नाही, इथंच उभी आहे."

"आता जा," मी म्हटलं.

दार उघडं होतं. तीन वाजून गेलेले आणि सुएओचा टॉवेल खुंटीवर कोरडा. तो कामाच्या खोलीत होता, पण आपल्या जागी नाही. पाहुण्यांच्या बाकावर, कमरेला पाहुण्यांना देतो तो निळा फडका बांधून. समोर लोणच्याच्या पिंपावरचा दगड. पिंपावर त्यानं माझी लोखंडी कढई ठेवली होती, लोणचं उघडं पडू नये म्हणून. अशा वेळीसुद्धा ते त्याला सुचलं होतं.

"बस," तो म्हणाला.

"कपडे तरी बदलू द्या."

"बस म्हणतो ना."

मी काळ्या कपड्यांनिशी समोर बसले.

"हा किती जाड होता?"

"कोणाला आठवतंय?"

"मला. चार बोटं. आई पिंपावर ठेवत होती तेव्हा मी बघत होतो." त्यानं दगडाशेजारी आपली बोटं लावली. दोन. "मुळा दगड खातो का?"

दगडापुढं कोण खोटं बोलणार? इतक्या मऊ दगडाची दोन बोटं जाडी झिजायला किती वर्षं लागतात ते त्याच्याहून चांगलं कोणाला माहीत नव्हतं. मधोमध जी उथळ वाटी पडली होती ती माझ्या हाताची होती, उजवीकडे जरा खोल. मला सपाट करायचा दगड कधी मिळाला नव्हता, मी तो धुण्याच्या पायरीवर घासायची.

"केव्हापासून?"

"सासूबाई गेल्या तेव्हापासून."

तो मनात मोजत होता. एकेचाळीस वर्षं.

"आणि माझ्या मागून?"

"दोन वर्षं."

"माल परत आला होता? मंदी नव्हती?"

"एक पेटी आली होती."

"बारा?"

"बारा."

त्यानं मान हलवली. एखाद्या दुखऱ्या दाताचं कारण सापडावं तशी. मग त्यानं भिंतीवरच्या नकाशाकडे पाहिलं.

"म्हणजे मीही पाहुणाच."

"असं काय बोलता हो!"

"असंच आहे. ते चहा पीत बसतात, मी आंघोळीला जातो."

मला रडू आलं. बहिणीच्या विधीत आलं नव्हतं ते तिथं आलं. मला म्हणायचं होतं की तुम्हाला हसायला नाही केलं, तुमचा हात रिकामा जाऊ नये म्हणून केलं. पण हे त्याचंच वाक्य होतं, एकतीस देशांच्या पाहुण्यांबद्दलचं. ते त्याला कुठल्या तोंडानं ऐकवू?

"चूक माझी," मी म्हटलं. "पहिल्या दिवशीच सांगायला हवं होतं."

"पहिल्या दिवशी मी ऐकलं असतं का?" तो म्हणाला. "तू दगड मोडलास आणि मी तुला शिक्षा केली. ओला दगड बाहेर ठेवू नये हे तुला सांगायचं काम कोणाचं होतं? माझं. नवऱ्याचं. मी सांगितलं नव्हतं. पन्नास वर्षं मला ते माहीत होतं."

असं बोलायला त्याला पन्नास वर्षं लागली, आणि तेही हात गेल्यावर. मला काय करायचं होतं त्याचं आता?

त्यानं मागे वळून आपली स्वतःची सुरी काढली. मासा कापायची लांब सुरी, सासऱ्यांनी त्याला पहिल्या दिवशी दिलेली. दुपारी पाहुण्या गेल्यावर त्यानं तिला स्वतः धार लावून बघितली असावी, कारण पाण्याच्या घमेल्याशेजारी फाटक्या कागदांचा ढीग होता. ती सुरी त्यानं मूठ माझ्याकडे करून पुढं केली.

"दाखव."

मी बाह्या मागं सारल्या. दगडावर पाणी शिंपडलं. एकेचाळीस वर्षं मी हे चोरून केलं होतं, दाराकडे एक कान ठेवून. आता तो समोर होता. पहिला हात वाकडा गेला. त्यानं डोळे मिटले. मग मीही त्याच्याकडे बघायचं सोडलं आणि नुसता आवाज धरला. चौथ्या-पाचव्या हाताला आवाज जुळला.

"हा दगड," तो डोळे मिटूनच म्हणाला, "बाबांच्या हातात असाच बोलायचा."

मी पाठ घासली, लव काढली, अंगठा ओढून पाहिला. लव नव्हती. माझ्या आयुष्यातली सगळ्यात चांगली धार होती ती. हे गर्वानं नाही सांगत, अंगठ्याला कळतं. मी सुरी धुतली, पुसली आणि दोन्ही हातांनी त्याला दिली.

त्यानं ती उजेडाकडे धरली. मग अंगठा ठेवला आणि नेहमीच्या सवयीनं ओढला. मी श्वास धरून बसले होते. सत्तरी ओलांडलेली म्हातारी, बहिणीच्या सुतकातले कपडे अंगावर, आणि जीव कानांत गोळा झालेला. एक 'हं'. आता तरी.

त्यानं परत अंगठा ओढला. मग तिसऱ्यांदा, जरा दाबून. त्याच्या कपाळावर आठी पडली. मग त्यानं सुरी हळूच बाकावर ठेवली.

"मला कळत नाही, फुसाए," तो म्हणाला. त्याच्या तोंडून माझं नाव मी कित्येक वर्षांनी ऐकलं. "चांगली असेल. आवाजावरून चांगली वाटली. पण मला कळत नाही. तूच सांग, झालीय का?"

मी त्याचा हात ओढून घेतला आणि बाहीत खोचलेला रुमाल अंगठ्याभोवती गच्च गुंडाळला.

"काय करतेस?"

"रक्त येतंय."

"हो का?" तो म्हणाला, आणि अंगठ्याकडे बघत राहिला.